पालावरच्या कुटुंबाने १९६१ चा पुरावा आणायचा कुठून?

प्रति,
मा. मंत्री, इतर मागास बहुजन कल्याण विभाग,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई.

महोदय, सविनय नमस्कार.

विमुक्त आणि भटक्या कुटुंबांच्या जात प्रमाणपत्राच्या आणि पडताळणीच्या फायली तयार करण्याचे काम आम्ही करतो. माणूस कुठल्या समाजाचा हे ठरवण्याची सरकारची रीत गावावर उभी आहे. ज्यांना गावाने कधी आपल्या दप्तरात घेतलेच नाही, त्यांनाही तीच रीत लावली जाते. हे पत्र त्याविषयी आहे.

विमुक्त जाती व भटक्या जमातींसाठी मानीव दिनांक २१ नोव्हेंबर १९६१ आहे. त्या तारखेला किंवा त्याआधी कुटुंब महाराष्ट्रात राहत होते आणि त्याची जात अमुक होती, हे दाखवावे लागते. २००१ च्या जात प्रमाणपत्र अधिनियमाच्या कलम ८ प्रमाणे सिद्ध करण्याची जबाबदारी अर्जदारावर आहे. कागद कोणते चालतात? आजोबांचा शाळा सोडल्याचा दाखला, गाव नमुना १४ म्हणजे कोतवाल बुकातली जन्म-मृत्यूची नोंद, जमिनीचे जुने खरेदीखत, महसुली दप्तरातला जातीचा उल्लेख. यातला एक-दोन कागद तरी निघतो तो ज्याच्या आजोबांचे घर गावठाणात होते त्याच्याकडे. मसणजोग्याचा, वैदूचा, नंदीवाल्याचा मुलगा ओढ्याकाठच्या पालात जन्मला. कोतवालाने त्याची नोंद केली नाही, कारण तो त्या गावचा नव्हता. पुढच्या गावानेही केली नाही, कारण तो तिथे जन्मलाच नव्हता.

आणि तरीही गाव या माणसांवाचून चालत नव्हते. लग्नानंतर गोंधळ घालायला गोंधळी लागे. विळे-कोयते शेवटायला म्हणजे धार काढायला घिसाडी, जात्याला टाकी लावायला वडारीण, पहाटे दान पावल्याचे सांगायला वासुदेव. ज्याला आपण मराठी संस्कृती म्हणून शाळेच्या स्नेहसंमेलनात मांडतो, त्यातला मोठा वाटा या लोकांनी दारोदार पोचवलेला आहे.

ज्यांच्याकडे शाळेचा कागद असतो त्यांचीही अडचण संपत नाही. जातीच्या रकान्यात पूर्वीच्या गुरुजींनी कानावर पडेल ते लिहिले. भटक्या जमातींच्या यादीत ‘जोशी’ आहे आणि त्यात बुडबुडकी, डमरूवाले, कुडमुडे, मेंढंगी, सरोदे, सहदेव जोशी असे पोटभेद आहेत. रजिस्टरला मात्र नुसते ‘हिंदू जोशी’. टेबलावरचा कारकून ते वाचून अर्जदाराला ब्राह्मण समजतो आणि त्रुटीचा शेरा मारतो. पारध्यांत भोसले, पवार, चव्हाण, काळे, शिंदे ही आडनावे सर्रास आहेत. ‘तुम्ही तर मराठा दिसता’ हे वाक्य त्यांना खिडकीवर ऐकावे लागते. शाळा सोडल्यानंतर रजिस्टरमधली नोंद बदलणे जवळजवळ अशक्य असते. म्हणून दुरुस्ती मूल शाळेत असतानाच व्हायला हवी. पहिलीच्या प्रवेशावेळी पालकाला पोटजातीसह नोंद वाचून दाखवून सही किंवा अंगठा घ्यावा, एवढा एक आदेश शिक्षण विभागाकडून निघाला तरी पुढच्या पिढीच्या निम्म्या त्रुटी टळतील.

कागदच नसतील तिथे स्थानिक चौकशीची, गृहचौकशीची वाट आहे. वाट चांगली आहे, चालवली वाईट जाते. अर्ज प्रांताच्या म्हणजे उपविभागीय अधिकाऱ्याच्या कार्यालयातून तहसीलदाराकडे, तिथून मंडळ अधिकाऱ्याकडे, मग तलाठ्याकडे उतरतो. तोवर सुगी संपलेली असते आणि पाल उठलेले असते. तलाठी जातो, माळावर तीन दगडांची चूल दिसते, अहवालात ‘अर्जदार आढळून आला नाही’ असे लिहितो आणि अर्ज निकाली निघतो. चौकशीची तारीख अर्जदाराला मोबाइलवर आठ दिवस आधी कळवणे सक्तीचे करा. कुटुंब हलले असेल तर ज्या तालुक्यात ते सध्या आहे तिथल्या तलाठ्याकडून जबाब मागवा. पहिल्या भेटीत माणूस नाही म्हणून अर्ज निकाली काढता येणार नाही, हे लेखी द्या.

याच टप्प्यावर एक घातक प्रथा रुजली आहे. कागद नाही म्हणून अधिकारी ‘समाजाच्या अध्यक्षाचे पत्र आणा’ म्हणतात. मागणी साधी वाटते. पण अनेक जमातींत अध्यक्ष म्हणजे जातपंचायतीचा पंचच असतो. ज्या कुटुंबाने दंड भरला नाही, ज्या मुलीने जातीबाहेर लग्न केले, त्यांच्या घरच्यांना ते पत्र मिळत नाही, किंवा पैसे मोजून मिळते. सामाजिक बहिष्काराविरुद्ध या राज्याने २०१६ साली कायदा केला. त्याच राज्याची कार्यालये बहिष्कार घालणाऱ्याच्या हातात शिक्का देत आहेत. हे पत्र मागणे बंद करा. त्याऐवजी वडिलांकडच्या, वैधता प्रमाणपत्र मिळालेल्या नातेवाइकाचा शपथेवरचा जबाब आणि वंशावळ घ्या.

वंशावळीबद्दल थोडे सविस्तर सांगायला हवे, कारण बहुतेक फायली तिथेच अडतात. आजोबा एकाच्या वैधता प्रमाणपत्रात ‘मारोती’, दुसऱ्याच्या रेशनकार्डावर ‘मारुती’, तिसऱ्याच्या शाळेच्या दाखल्यात ‘मारत्या’. जात पडताळणी समितीला ही तीन माणसे वाटतात. भावकी चार जिल्ह्यांत पांगलेली, म्हणून एका कागदावर सगळ्यांच्या सह्या होत नाहीत. मग समितीचे दक्षता पथक देव, लग्नविधी, बोली विचारत बसते. याला आप्तभाव चाचणी म्हणतात. फासेपारधी अनुसूचित जमातीत, पाल पारधी आणि राज पारधी विमुक्तांत, त्यामुळे पारध्यांना हे प्रश्न फार सोसावे लागतात. शहरात वाढलेल्या मुलाला पारधी बोली येत नाही म्हणून तो पारधी उरत नाही का? आप्तभाव चाचणी ही दाव्याची अंतिम कसोटी मानता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २४ मार्च २०२३ च्या निकालात म्हटले आहे. तो निकाल प्रत्येक समितीच्या टेबलावर पोचवा.

काही रेषा तर सरकारनेच नात्यांच्या मधून ओढल्या आहेत. कैकाडी विदर्भात अनुसूचित जातीत आणि उरलेल्या महाराष्ट्रात विमुक्त जातीत. बुलढाण्याची बहीण जालन्यात दिली की तिची मुले विमुक्त, तिच्या भावाची मुले अनुसूचित जातीची. मामाघरच्या मुलांची शिष्यवृत्ती एका खात्याची, भाचरांची दुसऱ्या. अनुच्छेद ३४१ मुळे ही यादी संसदच बदलू शकते, हे आम्ही जाणतो. राज्याने शिफारस करून तिचा पाठपुरावा करणे मात्र आपल्या हातात आहे.

पुराव्याचा एक साठा मात्र राज्याकडेच असू शकतो. १८७१ पासून चालत आलेल्या गुन्हेगार जमाती कायद्याखाली नोंदवलेल्या लोकांची हजेरी घेतली जाई. सोलापूरच्या सेटलमेंटमध्ये, म्हणजे सक्तीच्या वसाहतीत, तारेच्या कुंपणाआड कुटुंबेच्या कुटुंबे ठेवली गेली. मुंबई प्रांताने तो कायदा १९४९ साली काढला, देशभर तो ३१ ऑगस्ट १९५२ रोजी गेला. त्या काळातल्या नोंदवह्यांत नाव, बापाचे नाव आणि जमात असणार, आणि त्या १९६१ च्या आधीच्या आहेत. पुराभिलेख संचालनालय, पोलीस आणि समाजकल्याणाच्या जुन्या दप्तरांत जे शिल्लक असेल ते शोधून त्याची सूची करा आणि वारसांना प्रमाणित उतारा द्या. उताऱ्यात फक्त नाव, नाते, जमात आणि वर्ष यावे. गुन्ह्याचा रकाना कुणाच्याही हाती पडू नये, पोलिसांच्या तर नाहीच. ज्या वहीने आजोबांना जन्मजात गुन्हेगार ठरवले, ती नातवाच्या शिक्षणाला उपयोगी पडावी, एवढी भरपाई त्या घराण्यांना मिळायलाच हवी.

आता आमची मुख्य मागणी. दाखल्यांची शिबिरे तालुक्याच्या ठिकाणी लागतात. तिथे हे लोक नसतात. ते एकत्र येतात यात्रांना. पाथर्डी तालुक्यात मढीला कानिफनाथांच्या यात्रेत होळीपासून गुढीपाडव्यापर्यंत, जेजुरीला पौष पौर्णिमेच्या गाढवांच्या बाजारात, लोहा तालुक्यातल्या माळेगावला मार्गशीर्षातल्या खंडोबाच्या यात्रेत. चुलते, आते, मावशा, सोयरे तिथे एका माळावर असतात. जी वंशावळ एरवी दोन वर्षे पुरी होत नाही, ती तिथे एका दुपारी सह्यांसकट होते.

अडचण अधिकारक्षेत्राची आहे. पाथर्डीचे प्रांत बार्शीच्या किंवा अंबडच्या कुटुंबाला दाखला देऊ शकत नाहीत. म्हणून यात्रेतल्या शिबिरात दाखला देण्याची घाई नको. तिथे अर्ज घ्यावा, वंशावळ आणि शपथेवरचे जबाब नोंदवावेत, वैधताधारक नातेवाईक समक्ष ओळखवावा, आणि ते सगळे ऑनलाइन संबंधित उपविभागाकडे जावे. त्या जबाबाला गृहचौकशीचा दर्जा आहे, अशी दुरुस्ती जात प्रमाणपत्राच्या २०१२ च्या नियमांत करा. शिबिराला लागते फार थोडे: शपथ देऊ शकणारा नायब तहसीलदार, दोन ऑपरेटर, स्कॅनर, जनरेटर, इंटरनेट आणि पारधी, वडारी, कैकाडी बोली समजणारी माणसे. ती माणसे आम्ही देऊ.

आणखी एक. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच जणांना मुले पळवणारे समजून जमावाने ठार मारले. भिक्षेला फिरणाऱ्याला गाव आजही परका समजते. पाल पडल्यावर कुटुंबाच्या इच्छेनुसार ग्रामपंचायतीत त्याची नोंद व्हावी आणि तिची पावती मिळावी. ही पावती वास्तव्याचा पुरावाही ठरेल आणि सरपंचाला त्या माणसांची जबाबदारीही देईल. ही नोंद पोलीस ठाण्यात ठेवू नका. हजेरीची आठवण अजून पुसलेली नाही.

येत्या होळीला मढीत पहिले शिबिर लावायचे तर नियमांतल्या दुरुस्तीची अधिसूचना दिवाळीपूर्वी निघायला हवी. मसुदा आमच्याकडे तयार आहे. आपल्या विभागातल्या कुणा अधिकाऱ्याकडे तो द्यायचा, तेवढे कळवावे.

आपले,
विमुक्त-भटक्यांच्या दाखल्यांचे काम करणारे कार्यकर्ते