लक्ष्यास, त्या खाड्याबद्दल

प्रिय लक्ष्या,

दिवाळीत तुझे तीन मेसेज आले आणि तिन्हीला मी नुसता दिवा पाठवला, शिव्या घाल. तब्येत बरी आहे, शुगर गोळीवर आहे, सुनीची नाइट ड्युटी चालूच. झालं. आता मूळ गोष्ट, जी तुलाच सांगता येते, कारण दुसऱ्या कुणाला सांगायची तर खाडा म्हंजे काय इथपासून सुरुवात करावी लागेल.

मी खाडा टाकला रे, एकाची गैरहजेरी लावून पैसे कापवले. माझ्या आबांसारखाच.

तू गावात सांगत सुटलायस की सुऱ्या लंडनात साहेब आहे. लंडन नाही, मिडलँड्स, आणि साहेब नाही, वर्क कोच. (हसू नको, तू खो-खोचा कोच होतास तेव्हा आम्ही हसलो नव्हतो. बरं, हसलो होतो.) काम काय तर युनिव्हर्सल क्रेडिटवरची, म्हंजे कमाई नाही किंवा कमी आहे म्हणून सरकारी मदत घेणारी माणसं येतात, एकेकाला दहा मिनिटं, नोकरी शोधायला काय काय केलं ते विचारायचं, स्क्रीनवर टिक करायचं. आठवड्याला 35 तासांपर्यंत नोकरी शोधायची असं त्यांनी लिहून दिलेलं असतं. कुठं अर्ज केला, कुणाला फोन केला, सगळं ऑनलाइन डायरीत भरायचं. आणि भेटीची वेळ चुकली की मी वर कळवायचं. वर बसलेला माणूस, जो मला कधी दिसत नाही, तो ठरवतो की कारण योग्य होतं का नाही, आणि नसलं तर पैसे कापतो. पंचविशीच्या वरच्या एकट्या माणसाला महिन्याला 400 पौंडांहून थोडे जास्त मिळतात, घरभाडं वेगळं. म्हंजे दिवसाला 13-14 पौंड. भेट चुकवली तर परत येऊन भेटेपर्यंतचे दिवस गेले, वर आणखी सात, आणि हे पहिल्या चुकीला. इथं त्याला सँक्शन म्हणतात. मी मनात खाडाच म्हणतो, पहिल्या दिवसापासून.

तर एक जण आहे, अठ्ठावन्नचा, वेअरहाऊसमधून कमी केलेला, दिसायला थेट आपला नामुतात्या, फक्त गोरा. बोलायलाही तसाच, एक वाक्य बोलून टोपीकडं बघत बसणारा. मंगळवारी सव्वादहाची वेळ, आला नाही. फोन लागला नाही. साडेचारला मी बटण दाबलं आणि घरी जाऊन मेथीची भाजी खाल्ली, सांगायचं म्हंजे चवीनं खाल्ली.

पुढच्या सोमवारी आला. म्हातारी आई पडली होती, तिला घेऊन दवाखान्यात होता, मोबाइलमध्ये बॅलन्स नव्हता म्हणून डायरीत काही लिहिता आलं नाही. आणि पुरावा म्हणून खिशातनं काय काढलं माहितीय? दवाखान्याच्या कँटीनची चहाची पावती. चार घड्या घातलेली, शाई उडत आलेली, पण तारीख आणि वेळ वाचता येत होती, 10:42. दोन चहा. मी बघितली, 'ओके' म्हणालो आणि त्याच्या हातात परत दिली. स्क्रीनवर नोट टाकायची होती, एक ओळ, पुढचा माणूस खुर्चीशी येऊन उभा होता म्हणून म्हटलं नंतर टाकतो. आणि विसरलो. खरंच विसरलो रे, पण हे वाक्य मी इतक्या वेळा मनात म्हटलंय की आता मलाच खरं वाटेनासं झालंय.

पैसे कापले. साधारण तेरा दिवसांचे.

आता तुला शाळेमागचा तो दिवस आठवत असेल, मला तर भुवई रोज आठवण करून देते. (इथं कुणी विचारलं की क्रिकेटचा बॉल सांगतो, 'लक्ष्यानं दगड मारला' हे इंग्रजीत फार लांबतं.) सहावीत होतो आपण. रोजगार हमीतनं पाझर तलावाचं काम चालू होतं, माझे आबा मुकादम. तुझी आक्का मंगीला ताप म्हणून सरकारी दवाखान्यात जाऊन उशिरा आली आणि आबांनी मस्टरवर खाडा टाकला. त्या दिवशी आक्कानं पाट्या वाहिल्या, त्या फुकट. तू म्हणालास तुझा बाप चोर आहे, मी म्हणालो वरून साहेब चेक करतो, आबा काय करणार, मग दगड. त्यानंतर वर्षभर तू मला तुमच्या वस्तीकडं येऊ दिलं नाहीस. 'वरून साहेब चेक करतो.' परवा मी सुनीला नेमकं हेच सांगत होतो, शब्दनशब्द, की मी नुसतं कळवतो, ठरवणारा दुसरा असतो. तोंडातनं निघालं आणि आबांचा आवाज ऐकू आला.

तू म्हणशील दोन्ही सारखं कसं. नाहीच. रोजगार हमीत निदान नियम उलटा होता, काम मागितलं तर सरकारनं द्यायचं आणि पंधरा दिवसांत दिलं नाही तर भत्ता, भले कागदावर रुपाया का असेना. शहरातल्या पगारदारांच्या व्यवसाय करावर पागेसाहेबांनी आणलेली ती योजना चालली. इथं काम सरकार देत नाही, काम तू शोध आणि शोधतोयस हे आम्हाला दाखव. आक्काच्या हातात पाटी तरी होती.

आता मी भाषण ठोकणार, सहन कर. वाईट हेतूनं काढलेली योजना नाही ही इथली. इयन डंकन स्मिथ नावाच्या मंत्र्यानं सहा वेगवेगळ्या मदती एकत्र केल्या, 2012 चा कायदा, 2013 ला सुरुवात, काम केलेलं परवडलं पाहिजे असं म्हणत. एक पौंड कमावला की सरसकट सगळा जायचा नाही, काही जणांना ठराविक सवलत आणि त्यानंतर 55 पेन्स कापतात, आधी 63 कापायचे. ठीक आहे की. पण अर्ज केल्यावर पहिला पैसा यायला पाच आठवडे, मधे लागले तर उचल घे आणि मग हप्त्यानं फेड. उचल! ऊसतोडीला जाणाऱ्या माणसाला हे समजवायला दोन मिनिटं लागणार नाहीत. 2018 साली यूएनचे गरिबीवरचे तज्ज्ञ फिलिप ऑल्स्टन इथं फिरून गेले आणि त्यांच्या अहवालात याची तुलना जुन्या वर्कहाऊसशी, म्हंजे गरिबांना ठेवून राबवून घ्यायच्या घरांशी केली, फक्त डिजिटल आणि स्वच्छ. आमच्या ऑफिसला कार्पेट आहे, ते स्वच्छ आहे हे मान्य.

त्याच्याही आधी पंतप्रधान टोनी ब्लेअरनं 1997 ला सोशल एक्स्क्लुजनसाठी वेगळं युनिटच काढलं होतं. मला ट्रेनिंगमध्ये हा शब्द पहिल्यांदा भेटला तेव्हा मी वहीत मराठीत लिहिलं, 'वाळीत'. तू असतास तर म्हणाला असतास, हे कळायला विमानाचं तिकीट काढावं लागलं का तुला. नव्हतं लागायला पाहिजे. आणि गंमत बघ, माझ्या स्वतःच्या व्हिसावर सुरुवातीची वर्षं छापलेलं होतं की या माणसाला सरकारी मदत मिळणार नाही. तो आता खुर्चीत बसून दुसऱ्याची हजेरी घेतोय.

काल तो पावतीवाला परत आला. मी सांगितलं, फेरविचाराचा अर्ज करता येतो, पावतीचा फोटो जोड, नोट मी टाकायला पाहिजे होती, चूक माझी आहे, हेही लिही. आणि नोट आता टाकली. पावती उघडली तर जवळजवळ कोरी झालेली, उजेडात तिरकी धरल्यावर 10 तेवढं दिसलं. तो म्हणाला, जाऊ दे, तुझा काय दोष, तुझंही कामच आहे ते. दगड मारला असता तर बरं वाटलं असतं.

मॅनेजरशी अजून बोललो नाही. सोमवारी बोलणार.

बाकी तुझं काय, डाळिंबावर तेल्या परत आला म्हणे, औषध मारलंस का? पोरीच्या बीएएमएसचं काय झालं? गुडघ्याचं ऑपरेशन पुढं ढकलू नको. सुनीनं विचारलंय.

आणि एक काम कर. आक्काला विचार, त्या दिवशीची मजुरी किती होती. तिच्या लक्षात असणार. आकडा तेवढा कळव, कशासाठी ते तिला सांगू नकोस.

तुझा,
सुऱ्या