प्रत ठेवलीस का?

चि. समीर,
अनेक आशीर्वाद.

काल तणतणत गेलास आणि डबा ओट्यावरच राहिला. रात्री मीच खाल्ला. ‘तुझं ते दूरदर्शन मला सांगू नकोस’ म्हणालास, म्हणून सांगत नाही. एवढंच, की लिहिलेल्या प्रत्येक एपिसोडची एक प्रत स्वतःपाशी ठेव.

२ ऑक्टोबर १९७२ला वरळीचं केंद्र सुरू झालं. मी लागले तेव्हा टीव्हीवरचं नाटक कशाशी खातात हे आम्हालाच नीट ठाऊक नव्हतं. लिहायचं मी, नटांच्या तारखा जुळवायच्या मी आणि पॅनलवर बसून ‘कॅमेरा दोन, कट’ म्हणायचं तेही मीच. कागदाच्या उजव्या अंगाला संवाद, डाव्या अंगाला शॉट, तांबड्या पेन्सिलीच्या खुणा. नाटकातली मंडळी शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असं बोलत. त्यांना सांगावं लागे, अहो, प्रेक्षक चार हातांवर बसलाय, स्वतःच्या घरात. एडिटिंग इतकं किचकट की विसाव्या मिनिटाला कुणी वाक्य विसरला तर पुन्हा पहिल्यापासून! पांढरी साडी कॅमेऱ्यात चकाकायची, म्हणून नंदाची अबोली मी तीन नायिकांना नेसवली. कृष्णधवलात कुणाला कळणार? नंदालाही अजून कळलेलं नाही, बोलू नकोस.

टेप फार महाग. तेव्हा जगभर जुनी पुसून तिच्यावरच नवं रेकॉर्ड करत, वावगं वाटत नसे. पण हस्तलिखितं तरी माझ्या हातात होती ना? कार्बन घालायचा मला कंटाळा. कुणी मागितली की एकुलती एक प्रत देऊन मोकळी. बाबांनी बजावलं होतं, तर त्यांना मी... काल तू मला जे म्हणालास तेच.

लॅपटॉपमध्ये सगळं राहतं म्हणे. तरी पेनड्राइव्हवर घे. करारात लेखक म्हणून नाव आहे का, बघ. चाळिशीत बँक सोडलीस, घराचे हप्ते... नाही, हे लिहायचं नव्हतं. माफ कर. प्रत मात्र ठेव.

पहिल्या एपिसोडात म्हातारा दार उघडतो आणि काहीच बोलत नाही. मी असते तर त्याच्या तोंडी चार वाक्यं घातली असती. दोनदा वाचलं.

ती छापील पानं शोधत असशील तर शोधू नकोस. माझ्या कपाटात आहेत, बाबांच्या कोटाखाली. परत मिळणार नाहीत.

तुझी,
आई