अन्नसुरक्षेची परीक्षा शेगडीपाशी घ्यावी

मा. संपादक,
स. न.

उपाहारगृहात काम करणाऱ्यांकडे अन्नसुरक्षा व स्वच्छतेचे प्रमाणपत्र असावे, याविषयी दुमत नाही. दूषित अन्नामुळे जगभरात दरवर्षी सुमारे ६० कोटी लोक आजारी पडतात आणि ४,२०,००० जण दगावतात, असा अंदाज जागतिक आरोग्य संघटनेने २०१५ मध्ये मांडला होता. माझा आक्षेप आहे तो हे प्रमाणपत्र ज्या रीतीने मिळते, तिच्याबद्दल. काही तासांची व्याख्याने ऐकून पर्यायी उत्तरांवर खुणा केल्या की पुष्कळदा काम भागते. उमेदवाराने थर्मामीटर कधी हातात धरला होता का, हे पाहिलेच जाते असे नाही.

५ ते ६० अंश सेल्सिअस या टप्प्यात जिवाणू झपाट्याने वाढतात, हे उत्तर पाठ करता येते. रात्री स्वयंपाकघर आवरताना मोठे पातेलेभर शिजवलेले अन्न उरले तर काय करायचे, हे मात्र हाताला ठाऊक असावे लागते. झाकून ठेवलेल्या खोल पातेल्याचा मध्यभाग तासन्‌तास कोमट राहतो, शिजवतानाही न मेलेले काही जिवाणूंचे बीजाणू त्या उबेत रुजतात, आणि स्टॅफिलोकॉकससारख्या जिवाणूने अन्नात सोडलेले विष तर पुन्हा उकळूनही जात नाही. म्हणून असे अन्न उथळ भांड्यांत वाटून, ती भांडी बर्फाच्या पाण्यात ठेवून लवकर निववावे लागते व दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावे लागते. खोल पातेले आणि उथळ भांडी, दोन्हींतल्या अन्नाच्या मध्यभागी थर्मामीटर खुपसून आकडे स्वतः पाहिलेला माणूस हे सहसा विसरत नाही. भांडी घासण्याआधीच जंतुनाशकात बुडवली तर त्याचा जोर खरकट्यावरच खर्ची पडतो, हेही असेच करून कळते. (हातमोजे घातले की हात धुण्यातून सुटका, हा समज तर लेखी परीक्षेतून बिनबोभाट उत्तीर्ण होतो.)

तेव्हा किमान निम्मे गुण प्रत्यक्ष कामाला असावेत, परीक्षा कर्मचाऱ्याला समजणाऱ्या भाषेत व्हावी आणि भांडी घासणाऱ्यालाही तिच्यातून वगळू नये. व्यवस्थापकाची परीक्षा वेगळी हवी. उलट्या-जुलाब थांबल्यावरही ४८ तास कर्मचाऱ्याने अन्नाला हात लावू नये, असा नियम शिकवला जातो. परंतु त्या दोन दिवसांचा पगार कापला जाणार असेल तर आजार लपवलाच जाईल. प्रमाणपत्र देण्यापूर्वी व्यवस्थापकाकडून या रजेच्या पगाराची तजवीज लेखी मागावी.

आपला,
एक वाचक