आईकडची चौकशी

दिमोना, इस्रायल,
ता. 12 जून

प्रिय दत्ता यास,
सप्रेम नमस्कार.

"तिकडे तुम्हाला आता तरी आपले मानतात का?" असे तू विचारले आहेस. गेल्या महिन्यापर्यंत मी 'हो' एवढेच लिहून मोकळा झालो असतो.

1963 साली आत्याचे इथून पत्र आले होते, ते तुला आठवत असेल. तिचा नियोजित वर इराकहून आलेला ज्यू होता. बेने इस्रायलांचा, म्हणजे आम्हा कोकणातल्या मराठी ज्यूंचा, अन्य ज्यूंशी विवाह लावण्यापूर्वी आईकडच्या पिढ्या शक्य तितक्या मागे जाऊन तपासाव्यात, असा आदेश इथल्या धर्मगुरूंनी 1962 मध्ये काढला होता. त्यामुळे लग्ननोंदणीच्या खिडकीवर आत्याला आजीच्या आईचे नाव विचारले गेले. मग बाबा आपल्या दोघांना घेऊन रेवदंड्याच्या कबरस्तानात गेले. तू पाणी ओतलेस, मी नारळाच्या सोडणाने शेवाळ घासले, आणि पणजीचे नाव एकेक अक्षर उघडे पडत गेले. शनिवारी घाणा बंद ठेवतो म्हणून अख्खा कुलाबा जिल्हा ज्यांना 'शनवार तेली' म्हणे, त्यांनी आपण ज्यू असल्याचा पुरावा दगडावरून उतरवून घ्यायचा होता! पुढे 1964 मध्ये आमच्या लोकांनी जेरुसलेमला धरणे धरले, संसदेने आम्ही सर्वार्थाने ज्यू असल्याचा ठराव केला, आणि आदेशातून आमचे नाव गळले. आत्याचे लग्न त्यानंतर झाले.

आता नातवाने मुलगी पसंत केली आहे. तिचे आईवडील 1991 च्या मे महिन्यात, दीड दिवसात चौदा हजारांवर माणसे विमानांनी आणली गेली तेव्हा, इथिओपियातून आले. त्यांच्याही ज्यू असण्याबद्दल शंका घेऊन केलेल्या धर्मशुद्धीच्या स्नानाच्या सक्तीविरुद्ध 1985 मध्ये त्यांच्या लोकांनी धरणे धरले, तेव्हा "हे तर आमच्यासारखेच" असे मी चारचौघांत म्हणालो होतो. आणि परवा घरात बोलणी चालू असताना माझ्याच तोंडून निघाले, "तिच्या आईकडची नीट चौकशी केलीत ना?"

तुझी वहिनी मलिद्यासाठी खोबरे खवत होती. तिचा हात थांबला. नातू खाली मान घालून बसला. कोपऱ्यातल्या खुर्चीवरून, जिला हल्ली अर्धे ऐकू येत नाही असे आम्ही समजतो, ती आत्या म्हणाली, "सोडण देऊ का रे घासायला?"

मी उठून गच्चीवर गेलो. रात्री नातवाची माफी मागितली; त्याने ती अजून पुरती दिलेली नाही.

लग्न ऑक्टोबरात आहे. कोणी येणारे असल्यास मलिद्यासाठी दोन किलो जाडे पोहे पाठव. इथले भिजवले की लगदा होतात, अशी आत्याची तक्रार आहे.

तुझा,
शालोम