आज्जीच्या प्रश्नाचं उत्तर

ह्युस्टन, ३० ऑगस्ट २०२५

प्रिय आक्का,

उद्या गौरीला तू चंदगडहून येळ्ळूरला जाणार, म्हणून आजच लिहितोय. परवा आज्जीनं फोनवर विचारलं, "वर अंतराळात गेलेल्याचे पाय कुठं टेकतात रे?" गडबडीत नीट सांगता आलं नाही.

तिला सांग, टेकतच नाहीत. अंगातलं पाणी वर सरकतं, तोंड सुजतं, पहिले दिवस पोटात ढवळतं. आपले अंतराळवीर शुभांशु शुक्ला तर तिथून म्हणाले की चालणं, खाणं लहान बाळासारखं शिकतोय. २५ जूनला यान सुटलं तेव्हा इथं रात्रीचा दीड वाजला होता. मी उशी मांडीवर घेऊन बसलो होतो, आणि ते वर जाताना रडायलाच आलं बघ.

पण मला जास्त धरून ठेवलं ते मुगानं. त्यांनी अंतराळ स्थानकात मूग आणि मेथीला मोड आणले, आणि तो प्रयोग आपल्या धारवाडचा! कृषी विद्यापीठ आणि आयआयटीतल्या शास्त्रज्ञांचा. आई रात्री मूग फडक्यात बांधून ठेवते, तेव्हा मुळाला खाली कुठं हे कळतं, कारण त्याच्या टोकाच्या पेशींत स्टार्चचे कण तळाशी बसतात. वर तळच नाही. तरी मोड आले. आता त्या बियांच्या पुढच्या पिढ्या धारवाडला वाढवून बघणार आहेत.

लखनौला शुक्लांच्या स्वागताची गर्दी बघितलीस की? हक्काचंच आहे ते. पण बी निवडणाऱ्या त्या माणसांसाठी धारवाडात कुणी ढोल वाजवला असेल का, हे माझ्या मनातून जात नाही. आबा १९८४ ला अंतराळात गेलेल्या राकेश शर्मांबद्दल अजून सांगतात. एवढं नाव झाल्यावरही ते नाशिकला विमानांच्या चाचण्या घ्यायला गेले, याचं मला फार मोल वाटतं.

स्थानक साधारण ४०० किलोमीटर वरनं जातं, दीड तासात पृथ्वीला एक फेरी. आपल्या गावावरनंही जातं. पाऊस उघडला की वेळ कळवतो. संध्याकाळी आज्जीला अंगणात बसव. न लुकलुकता सरकणारा ठिपका दिसेल, विमानासारखे लाल-हिरवे दिवे नसलेला.

दाजींना नमस्कार, पोरांना पापा. पायांचं तेवढं आज्जीला मोठ्यानं वाचून दाखव, उजव्या कानाशी.

तुझा,
बाळू