हरसूदच्या कॅसेटी वाचवा

मा. संस्कृती मंत्री, मध्य प्रदेश शासन, भोपाळ यांस,

महोदय,

नर्मदेवरच्या इंदिरा सागर धरणाच्या जलाशयासाठी २००४ साली खंडवा जिल्ह्यातले हरसूद हे गाव उठवले गेले. लोक स्वतःच्या हातांनी घरे पाडत होते, तेव्हा तिथे कॅमेरेही होते. स्वतंत्र माहितीपटकारांच्या हाती त्या काळी बहुधा मिनी-डीव्ही, म्हणजे छोट्या डिजिटल कॅसेटवर चित्रण करणारा कॅमेरा असे. त्या कॅसेटी आज इंदुरातल्या कपाटांत पडून आहेत आणि दर पावसाळ्यात थोड्या थोड्या मरत आहेत.

तासाभराच्या माहितीपटामागे पन्नास-साठ तासांचे न वापरलेले चित्रीकरण सहज असते. सामाजिक-राजकीय विषयांवर आयुष्य घालवणाऱ्या माणसाचा खरा ऐवज तोच. माहितीपटकार आनंद पटवर्धनांनी 'जय भीम कॉम्रेड'चे काम मुंबईतल्या १९९७च्या रमाबाई नगर गोळीबारानंतर हाती घेतले, चित्रपट आला २०११मध्ये. इतक्या लांब पल्ल्याच्या कामात पहिल्या दिवसाची फीत शेवटच्या दिवसापर्यंत शाबूत राहावी लागते.

मिनी-डीव्हीची फीत जेमतेम पाव इंच रुंद. दमट हवेत गुंडाळीच्या कडेला पांढरी बुरशी धरते. तशीच कॅसेट डेकमध्ये, म्हणजे ती चालवणाऱ्या यंत्रात, घातली की बुरशी फीत वाचणाऱ्या हेडला लागते आणि पुढची चांगली कॅसेटही बिघडते. म्हणून आधी भिंगातून कड तपासायची, बुरशी दिसली तर ती कॅसेट बाजूला काढून साफ करायची. धडधाकट फीतही आधी शेवटापर्यंत पुढे नेऊन परत गुंडाळायची, म्हणजे ताण सारखा होतो. मगच फायरवायर केबलने संगणकात घ्यायची. साठ मिनिटांच्या कॅसेटला साठ मिनिटे लागतातच. एका तासाचे सुमारे १३ जीबी, म्हणजे शंभर कॅसेटींचे १.३ टीबी. जागा वाचवण्यासाठी दाबून लहान केलेली एमपी४ फाइल करून मूळ डीव्ही फाइल पुसणे हा सर्रास होणारा घात आहे. त्यात टाइमकोड (प्रत्येक चौकटीची वेळ-नोंद) आणि चित्रीकरणाची तारीख बहुधा दोन्ही जातात, आणि तारखेविना पुरावा लंगडा पडतो.

पैसे वाचवायला अनेकांनी एलपी मोडवर, म्हणजे फीत हळू चालवून, साठच्या कॅसेटमध्ये नव्वद मिनिटे भरली. अशी फीत दुसऱ्या यंत्रावर चित्राऐवजी चौकोन दाखवते, ज्या कॅमेऱ्यावर भरली त्यावरच बहुधा नीट चालते. तेव्हा जुने कॅमेरेही भंगारात जाण्याआधी गोळा करावे लागतील.

आमची मागणी मोठी नाही. इंदुरात एक खोली, तीन-चार चालू डेक, फायरवायर असलेले दोन संगणक, दोन शिकवून तयार केलेले तंत्रज्ञ. प्रत्येक फाइलच्या तीन प्रती, त्यांतली एक इंदूरबाहेर. हक्क माहितीपटकाराकडेच राहावेत. चित्रीकरणात शासनावर टीका आहे म्हणून कोणतीही कॅसेट मागे ठेवली जाणार नाही, हे मात्र लेखी हवे. त्याशिवाय कोणी आपली कॅसेट देणार नाही, आणि देऊही नये.

उठवलेल्या लोकांना जिथे वसवले त्या छनेऱ्याच्या नव्या हरसुदात जुन्या गावाच्या गल्ल्या, दुकाने, चेहरे ओळखणारी माणसे अजून आहेत. त्यांना फुटेज दाखवून नावे नोंदवण्याचे काम डिजिटायझेशनबरोबरच सुरू व्हावे. पहिल्या वर्षी फक्त नर्मदा खोऱ्यातल्या कॅसेटी घेतल्या तरी चालेल. अर्ज मागवण्याची सूचना मात्र पावसाळ्याआधी निघावी.

आपले,
इंदूरमधील माहितीपटकार व संकलक