रविवारच्या माहितीपटांबाबत सभासदांना सूचना

सर्व सभासदांना कळवण्यात येते की, येत्या रविवारी दुपारी 4 वाजता नेहमीच्या सभागृहात सुवी वेस्ट यांचे दोन माहितीपट दाखवण्यात येतील. फिनलंडच्या उत्तरेकडील सामी या आदिवासी समाजाच्या या कलावंत दूरचित्रवाणीवरील विनोदी कार्यक्रमामुळे लोकांना परिचित झाल्या. 2016च्या माहितीपटात मात्र त्या आपल्या बहिणीसोबत स्वतःच्याच रूपात समोर येतात आणि सामी व समलिंगी अशा दुहेरी ओळखीने जगणाऱ्या बहिणीची घुसमट उघडपणे मांडतात, हे धैर्य आम्हाला फार मोलाचे वाटते. 2023चा माहितीपट संग्रहालयांतील सामी वस्तूंच्या घरवापसीविषयी आहे; हेलसिंकीच्या राष्ट्रीय संग्रहालयाने अशा दोन हजारांहून अधिक वस्तू उत्तर फिनलंडमधील इनारीच्या सामी संग्रहालयाला परत केल्या. चर्चेसाठी सभासदांनी शेवटपर्यंत थांबावे, ही विनंती.